कबरीचं दूध

१२ नोव्हेंबर

आत्याबाई,

हे पत्र रतनवन्सं तुम्हाला वाचून दाखवतील असं धरून लिहिते आहे. वन्सं, आधी तुम्हाला दोन गोष्टी. आईला आवडणार नाही असं वाटलं म्हणून मधलं काही गाळू नका, आणि तिला बरं वाटावं म्हणून पदरचं काही घालू नका.

पत्र कावून, असं तुम्ही विचाराल. फोन मी चार वेळा केला. चारही वेळा तुम्ही तो वन्संच्या हातात दिलात आणि मागून ‘सांग, रानात गेली म्हणून’ असं म्हणालात. ते मला ऐकू आलं. शिवाय फोनवर मला ‘हो’ आणि ‘बरं’ यापलीकडे काही सुचत नाही, हे दोन वर्षांत तुम्हाला कळलेलंच आहे.

तुम्हाला जाऊन आज तेवीस दिवस झाले. जाताना म्हणालात, ‘ज्या घरात दूध नासवत्यात त्या घरचं पाणी मला नको,’ आणि आष्टीच्या गाडीत बसलात. लेकीकडे गेलात म्हणून गावात कुणी काही बोलत नाही. परत कधी येणार, हे विचारायला हे पत्र आहे. बाकीचा मजकूर त्याच्या मागेपुढे आहे.

शेळ्या सतरा, सगळ्या ठीक. दुभत्या सहा. करडं पिऊन झाल्यावर तुमच्या हाताला चार लिटर दूध निघायचं, माझ्या हाताला अडीच निघतं. वाघी मला अजून पाय मारते. तुम्ही तिला पिळताना काहीतरी पुटपुटायचात. ते शब्द मी कधी नीट ऐकले नाहीत. मी तिच्यापुढे आमच्या प्रयोगशाळेतल्या बाटल्यांची यादी म्हणून पाहिली. उपयोग झाला नाही.

चारायला भागवत नेतात. (तुमच्यासमोर मी नाव घेत नाही, पण पत्रात ‘हे’ लिहिलं की कोण ते कळत नाही.) गुरुवारी त्या साखराबाईच्या तुरीत शिरल्या. भागवत बांधावर फोन बघत बसले होते. साखराबाईंनी दारात येऊन विचारलं, “का गं बबिता, भागवत शेळ्या चारतोय का शेळ्या भागवतला चारत्यात?” प्रश्न बरोबर होता.

दूध नासवणं मी बंद केलेलं नाही. हे लपवून तुम्हाला बोलावणं बरोबर नाही म्हणून सांगते. मात्र घरच्या चुलीवर काही करत नाही. अंगणात वेगळी शेगडी ठेवली आहे, पातेलं वेगळं, फडकं वेगळं. आता थंडी पडली आहे, त्यामुळे लिंबू पिळून दूध फाडावं लागत नाही. दूध त्रेसष्ट अंशांवर अर्धा तास ठेवायचं, चोवीसपर्यंत निवू द्यायचं, मग त्यात एक चमचा दही आणि दूध बांधणाऱ्या औषधाचे दोन थेंब. (ते बुरशीपासून काढतात, जनावराच्या पोटातून नाही. वन्सं, हे दोनदा वाचा.) वीस तासांनी घट्ट थर बसतो आणि वर हिरवट पाणी येतं. तो फडक्यात बांधून आठ तास टांगायचा. दोन लिटरांत पावणेचारशे ग्रॅम निघतं. शहरात याला चीज म्हणतात. पांढरं, मऊ, भाकरीवर बोटानं पसरतं. तुम्ही त्याला नासकं म्हणता, ते शास्त्रानं चूक नाही.

एक दोष राहिला आहे, वास. खाल्ल्यावर मागून शेळी येते. भांडी उकळली, फडकं बदललं, तरी जात नाही.

कळवा.

बबिता

२४ नोव्हेंबर

आत्याबाई,

वन्संचं कार्ड मिळालं. तुमचं बोलणं त्यांनी तुमच्याच शब्दांत लिहिलं, ते बरं केलं. ‘पत्र ऐकती, उत्तर दे म्हणलं की उठून जाती. काल भाकऱ्या थापताना आपणहून म्हणली, दूध नासवती तर नासवू दे, त्याचं सोड. पर मी कबरीला दोष लावला, तिच्या तोंडाकडं बघून लावला, आन् ही उभी राहून बघत व्हती.’

मागच्या पत्रात मी कबरीचं नाव घेतलं नव्हतं. सतरा शेळ्या लिहिल्या. तुम्ही गेलात तेव्हा सतराच होत्या, पण भादव्यापर्यंत अठरा होत्या. तुमचं जाणं मी दूध नासवण्यावर ढकललं, कारण त्यात तुमची समजूत जुनी आणि माझं ज्ञान नवं ठरत होतं. आता क्रमानं लिहिते. वन्संना सगळं माहीत नसेल.

आखाडात एक दिवस वाघीच्या खुरात काटा मोडला म्हणून तुम्ही दुपारीच रानातून परत आलात. चुलीवर पातेल्यात दूध फाटलेलं होतं. लिंबाच्या साली मी आधीच कागदात गुंडाळल्या होत्या. तुम्ही विचारलंत, “ह्ये काय गं?” मी म्हणाले, “तापवताना फाटलं. आपोआप.” तुम्ही ते पातेलं उचललंत, बोरीच्या बुडाशी ओतलंत, हात जोडलेत आणि मला एका शब्दानं बोलला नाहीत. फक्त म्हणालात, “हुतं कधी कधी.”

त्यानंतर आणखी दोन वेळा तुम्हाला फाटलेलं दूध दिसलं. दोन्ही वेळा मी तेच उत्तर दिलं.

दुधावर जगणाऱ्या घरात दूध तीनदा आपोआप फाटलं म्हणजे कुठल्यातरी शेळीच्या कासेत दुखणं आहे. तुम्ही हा जो निष्कर्ष काढलात तो योग्य होता. प्रयोगशाळेत मीही तोच काढला असता. दिलेली माहिती खोटी होती, एवढंच. तुम्ही सात शेळ्या सात वाट्यांत पिळल्यात आणि तळहातावर थेंब थेंब घेऊन चाखल्यात. सहाजणींचं गोड, कबरीचं खारट.

मग तुम्ही ती वाटी माझ्यापुढे धरलीत. तुमचे शब्द मला पाठ आहेत. “कबरी गाभण हाय, आटत आलीय, म्हणूनबी खारट लागंल. न्हाईतर कासेत बी काय असंल. माझ्या जिभेला त्यातला फरक कळंना. तू शिकलेली हायस, तू सांग.”

मी सांगितलं, “सांगता येत नाही.”

सांगता येत होतं, आत्याबाई. आटत आलेल्या जनावराच्या दुधात क्षार वाढतात, हे आम्हाला दुसऱ्या वर्षाला होतं. खात्री करायची तर चमचाभर दुधात साबणाचं पाणी घालून हलवायचं. दुखणं असेल तर गाठी धरतात, नसेल तर पाणीच राहतं. दोन मिनिटांचं काम. पण कबरी निर्दोष निघाली असती तर दूध कशानं फाटतं हा प्रश्न पुन्हा माझ्याकडे आला असता. म्हणून मी ते केलं नाही.

तुम्ही दोन दिवस कबरीजवळ बसून होतात. तिसऱ्या दिवशी तिला धारूरच्या बाजारात नेलंत.

पुढे महिनाभरानं भागवतनी जेवताना कौतुकानं सांगितलं, “आये, हिनं ते पनीर केलतं, मी मित्राकडं नेलतं, लई भारी झालतं.” तुम्ही विचारलंत, “कधीपासून करती?” ते म्हणाले, “आखाडापासून की.” तुम्ही हातातली भाकरी ताटात ठेवलीत. त्या माणसाला अजूनही वाटतं की आपण बायकोची स्तुती केली.

मी हे का केलं ते लिहायला हवं. उदगीरला चार वर्षं शिकले, मग दोन वर्षं एका दूध केंद्रात रोज चाळीस नमुने तपासले. लग्न करून इथे आले तेव्हा माझ्या हातांना काम उरलं नाही. घरात दूध होतं, मला त्याच्यावर काही करून बघायचं होतं, आणि विचारलं तर तुम्ही नको म्हणाल ही खात्री होती. म्हणून विचारलं नाही. या घरात माझं शिक्षण कुणी कधी उपयोगात आणलं नाही, अशी मनात तक्रार होती. तुम्ही एकदा आणायला गेलात. वाटी पुढे धरलीत. तेव्हा मी खोटं बोलले.

माझी चूक झाली. हे वाक्य मी पहिल्या पत्रात लिहून खोडलं होतं.

कबरी तुमच्या आईनं लग्नात दिलेल्या शेळीच्या वंशातली शेवटची, हे मला ती गेल्यावर साखराबाईंकडून कळलं. मी तिला शोधते आहे.

बबिता

६ डिसेंबर

आत्याबाई,

कबरीचा माग लागला आहे. अजून मिळालेली नाही.

लागोपाठ दोन बाजार धारूरला गेले. पहिल्या बाजारात काही निष्पन्न झालं नाही. मी प्रत्येक व्यापाऱ्याला वर्णन सांगत होते: उंची सत्तर सेंटिमीटर, काळ्यावर पांढरे ठिपके, डावा कान चिरलेला, वय पाच वर्षं. एक म्हातारा म्हणाला, “बाई, शेळी धुंडतीस का चोर?” दुसऱ्या बाजारात भागवत बरोबर आले आणि त्यांनी एकच गोष्ट विचारली, “भादव्यात एका बाईनं दाव्यासकट शेळी दिलती का हो?”

तिथेच तानाजी नावाच्या व्यापाऱ्यानं मान वर केली.

तुम्ही कबरीला दाव्यासकट दिलीत हे मला माहीत नव्हतं. विकलेल्या जनावराचं दावं कुणी देत नाही, ते घरी आणून खुंटीला ठेवतात, नाहीतर गोठ्याची बरकत जनावरामागं जाते, एवढं मला दोन वर्षांत कळलं आहे. तानाजींना ती गोष्ट लख्ख आठवत होती. “मी म्हणलं, मावशे, दावं सोडून घे. तर म्हणली, न्हाई, दुखणं हाय का न्हाई ठावं न्हाई, पर असंल तर दाव्यासंगं जाऊ दे, माझ्या बाकीच्या वाचू दे. मी तीस वर्षं ह्या धंद्यात हाय, दावं दिलेली एकच बाई बघितली.”

मग त्यांनी माझ्याकडे बघितलं. “तुमची कोण?”

“सासू.”

“आन् दुखणं हुतं का शेळीला?”

“नव्हतं,” मी म्हणाले. “माझ्यामुळं गेली.”

एका परक्या माणसाला, भर बाजारात, मी हे सांगितलं. भागवत तेव्हा बाजूच्या बोकडाचे दात बघत होते. बघण्यासारखं काही नव्हतं त्यात, पण ते बघत राहिले. आता त्यांनाही सगळं माहीत आहे. घरी येताना गाडीवर एवढंच म्हणाले, “आईला आधी सांगायचं न्हाई व्हय गं.” चिडले नाहीत. चिडले असते तर बरं झालं असतं.

कबरी पालीच्या एका बाईंनी नेली. कौशल्याबाई नाव, धरणाच्या बाजूला घर आहे. चहापुरती एक शेळी हवी होती त्यांना. पुढच्या आठवड्यात जाऊन येते. मिळाली तर कळवेन आणि नाही मिळाली तरी कळवेन.

घरची हकीकत: वाघी आता पाय मारत नाही. मी तिला काही म्हणून दाखवायचं सोडलं आणि पिळण्याआधी हात शेगडीवर शेकून घ्यायला लागले. दूध तीन लिटरांवर आलं आहे. सकाळी अंगणात ऊन येईपर्यंत मी, सहा शेळ्या आणि चरवी, एवढंच असतं. हा तास मला आवडायला लागला आहे. तुम्ही तो चाळीस वर्षं रोज घेतलात आणि मला उठवलं नाहीत. मला वाटायचं, माझ्यावर विश्वास नाही म्हणून उठवत नाही. आता वाटतं, कुणीच वाटून घेतला नसता.

वास अजून आहेच.

बबिता

१४ डिसेंबर

आत्याबाई,

काल पालीला जाऊन आलो. आधी निकाल सांगते: कबरी परत मिळणार नाही.

कौशल्याबाई तुमच्या वयाच्या आहेत, थोड्या जाड, आवाज मोठा. घरात त्या आणि त्यांचा मुलगा. आम्ही अंगणात उभे राहिलो आणि कबरी समोरच बाभळीला बांधलेली होती. तिनं मला ओळखलं नाही. ओळखावं असं मी तिच्यासाठी कधी काही केलेलं नव्हतं. चार तारखेला व्यायली आहे. दोन करडं, एक नर, एक मादी. मादी हुबेहूब तिच्यावर गेली आहे, ठिपक्यांसकट.

मी सगळं सांगितलं, आखाडापासून. कौशल्याबाईंनी मध्ये एकदाही अडवलं नाही. झाल्यावर म्हणाल्या, “मंजे सासूला फसिवलंस.”

“हो.”

“आन् आता शेळी न्यायला आलीस.”

“हो.”

“न्हाई द्यायची. लई गुणाची हाय. माज्या हाताला लागलीय. तुझ्या पापापायी मी कावून बिनदुधाचा च्या पिऊ?”

भागवत काही तरी बोलायला लागले. त्यांना कौशल्याबाईंनी विचारलं, “तू गप बस रे. तू काय करत व्हतास तवा?”

मी साबणाचं पाणी आणि दोन बशा बरोबर नेल्या होत्या. विचारलं, दूध तपासू का. त्यांनी स्वतः पिळून दिलं. दोन्ही सडांचं वेगवेगळं घेऊन हलवलं. शेळीच्या दुधात ही चाचणी कधी कधी नसलेलं दुखणं दाखवते, पण इथे एकही गाठ आली नाही. पाण्यासारखं पातळ राहिलं. मग तळहातावर घेऊन चाखलं, तुम्ही घेता तसं. गोड आहे. तुम्ही तीन महिने हे ओझं घेऊन बसला असाल, की आपण दुखणाईत जनावर दुसऱ्याच्या गळ्यात मारलं का निर्दोष जनावर घालवलं. दुखणं नव्हतं. निर्दोष होती. निर्दोष जनावर गेलं त्याचा दोष माझ्याकडे येतो, तुमच्याकडे काही उरत नाही.

निघताना कौशल्याबाईंनी दावं दाखवलं. तुमच्या हातचं, लाल चिंधी गुंफलेलं. त्यांनी ते वापरलं नव्हतं, छपराखाली टांगून ठेवलं होतं. म्हणाल्या, “तानाजीनं सांगितलं तवाच माज्या काळजात झालं. दुसऱ्याची बरकत घरात ठिवून मला काय सुख लागंल? पर रस्त्यावर तर कशी टाकू?” मी हात पुढे केला. त्यांनी दावं मागे घेतलं. “तुला न्हाई. जिनं दिलं तिनं यावं. आन् तिला म्हणावं, पाठ बी देते, अंगावरची तुटली की. शेळी न्हाई, पर शेळीची लेक.”

मी विचारलं, त्याबद्दल काय द्यायचं. यावर त्या इतक्या संतापल्या की आम्ही चहा न पिता निघालो.

आत्याबाई, आता हे तुमच्याकडे आहे. तुम्ही पालीला आलात तर घरीही याल, असा अर्थ मी धरणार नाही. बीडच्या स्टँडवर मी तुम्हाला घ्यायला येईन, पालीला नेईन, आणि तुम्ही म्हणाल त्या गाडीत बसवून देईन. आष्टीची म्हणालात तर आष्टीची. वाटेत काही बोललं पाहिजे असंही नाही.

पण घरी आलात तर मला हवं आहे. हे एकच वाक्य मी चार वेळा लिहून पाहिलं आणि दर वेळी ते जास्त लांब होत गेलं. म्हणून सर्वात छोटं ठेवलं.

बबिता

९ जानेवारी

रतनवन्सं,

हे पत्र तुम्हाला आहे. तुम्ही आईला बीडच्या गाडीत बसवून दिलंत त्याला आज आठ दिवस झाले आणि तुम्ही फोनवर तीनदा ‘काय झालं गं, काय झालं’ विचारलंत. फोनवर मी काय सांगितलं असेल ते तुम्हाला माहीत आहे. म्हणून लिहिते. आत्याबाई समोर शेंगा फोडत बसल्या आहेत आणि दर ओळीला विचारत आहेत, “काय लिवलंस?”

बीडच्या स्टँडवर त्या उतरल्या. मी पाया पडायला वाकले. अडीच महिन्यांनी मला बोललेलं त्यांचं पहिलं वाक्य असं: “तुज्या अंगाला बोकडाचा वास येतोय.”

मी म्हणाले, गोठ्यातून तशीच निघाले.

“बोकड दुभत्यात बांधतीस व्हय?”

मी हो म्हणाले. आधी तो मागच्या छपरात असायचा. मला एका जागी सगळ्यांना वैरण टाकणं सोपं पडत होतं.

“अगं मग दुधाला वास येईल न्हाई तर काय! दोन महिने पत्रात लिहतीस, वास जात न्हाई, वास जात न्हाई. मी रतनला रोज म्हणत व्हते, बोकड कुठं बांधलाय ते तरी इचार तिला.”

वन्सं, तुम्ही विचारलं नाहीत. आत्याबाई म्हणतात, लिही, ‘रतन पहिल्यापासून अशीच हाय.’ लिहिलं. बोकडाचा वास दुधात उतरतो हे माझ्या पुस्तकात होतं, अर्ध्या पानावर. बोकड कुठे बांधलाय हे बघायला मात्र पुस्तकातून उठावं लागतं.

पालीला गेलो. कबरीनं आत्याबाईंना लांबूनच ओळखलं आणि असा आवाज काढला की कौशल्याबाई घरातून धावत बाहेर आल्या. आत्याबाईंनी तिच्या तोंडावरून हात फिरवला आणि म्हणाल्या, “चुकलं बाई माजं. तुला नावं ठिवली.” मग माझ्याकडे वळल्या. “आता तू म्हण.”

मी विचारलं, शेळीला?

“मग कुणाला? मला तर कागदावर म्हणलीस. तिला कोण वाचून दाखिवणार?”

अंगणात कौशल्याबाई होत्या, त्यांचा मुलगा होता, कुंपणावरून दोन शेजारणी बघत होत्या. मी कबरीसमोर उकिडवी बसले आणि म्हणाले, “चुकलं माझं. दूध मी फाडलं होतं. तुझ्यात काही दोष नव्हता.” कुणी हसलं नाही. कबरीनं माझ्या ओढणीचं टोक तोंडात धरलं. ते सोडवायला बराच वेळ लागला आणि त्या वेळात मला डोळे पुसता आले. हे आत्याबाईंना वाचून दाखवणार नाही.

दोघी म्हाताऱ्यांचं नंतर जे सुरू झालं ते अडीच तास चाललं. कौशल्याबाईंचं माहेर आणि आत्याबाईंचं आजोळ एकच निघालं. मी आणि भागवत धरणाकडे फिरून आलो तरी त्या अजून तिथल्या एका लग्नातल्या भांडणावर होत्या. पाठ होळीनंतर आणायची ठरली. दावं आत्याबाईंनी पिशवीत घातलं. स्टँडवर मी विचारलं, कुठली गाडी? म्हणाल्या, “कुठली मंजे? घरी सतरा जनावरं हायत आन् तो तुजा नवरा चारतोय त्यांना.”

इथे आल्यावर पहिल्या दिवशी बोकड मागच्या छपरात गेला. दुसऱ्या दिवशी अंगणातली शेगडी त्यांनी स्वतः उचलून घरात आणली. म्हणाल्या, “लोकं बघत्यात. चोरून केल्यावानी दिसतंय.” पण घरच्या चुलीवर दूध नासवायला अजून परवानगी नाही. शेगडी शेगडीच आणि चूल चूलच. अटी आणखी दोन आहेत: आधी करडं पोटभर पितील, मग देवापुढं वाटीभर, उरलं त्यातलं माझं. आणि जे करायचं ते त्यांच्यासमोर. मी तिन्ही मान्य केल्या. त्यातली एकही अवघड नाही, आखाडात विचारलं असतं तर त्या दिवशीही नव्हती.

त्यांनी अजून चाखलेलं नाही. परवा फडकं सोडलं तेव्हा गोळ्याला बोट लावून हुंगलं आणि म्हणाल्या, “वास गेला की गं.” मी म्हणाले, गेला. भागवत तिसरी भाकरी खात होते, त्यांना दोघींनीही विचारलं नाही. साखराबाई रोज वाटी घेऊन येतात आणि रोज म्हणतात, “मला न्हाई बाई असलं चालत, सुनेला नेते.” साखराबाईंची सून गेला महिनाभर माहेरी आहे.

सकाळी धारा आम्ही दोघी काढतो. तीन त्या, तीन मी. त्यांच्या बाजूची चरवी आधी भरते. वाघीला त्या काय म्हणतात ते मी आता शेजारी बसून ऐकते. शिव्या आहेत. पत्रात लिहिण्यासारख्या नाहीत.

आज धारा झाल्या, करडं सोडली, देवाची वाटी भरली. मी पातेलं घेऊन उभी होते. आत्याबाईंनी चरवी उचलली, फडक्यातून दूध गाळायला लागल्या आणि पातेल्याकडे बघतच म्हणाल्या, “आज किती नासवायचंय?”

मी दोन लिटर म्हणाले. त्यांनी अडीच ओतलं.

बबिता